दारातलं झाड, मनालीच्या बिया आणि आईच्या पायाच्या शिरा

लातूरच्या एका ताईंचा प्रश्न आहे. दिवाळीच्या सुट्टीत त्या मनालीला गेल्या होत्या. तिथे एका मोठ्या झाडाखालून मुलानं खिसाभर चकचकीत तपकिरी बिया गोळा केल्या. गाडीवाला म्हणाला ‘खनोर’, हॉटेलवाला म्हणाला ‘चेस्टनट’. घरी आल्यावर त्यांच्या लक्षात आलं की दारासमोरच्या झाडाचं पानही तसंच, हाताच्या पंजासारखं आहे. मोबाइलच्या अ‍ॅपला पानाचा फोटो दाखवला तर उत्तर आलं ‘हॉर्स चेस्टनट’. त्यांच्या आईच्या पायाच्या शिरा फुगतात आणि हॉर्स चेस्टनट त्यावर चालतं असं कुठेतरी वाचलेलं. म्हणून तीन प्रश्न: दारातलं झाड तेच का? बिया उकळून आईला काढा द्यावा का? आणि उरलेल्या बिया वावरात लावल्या तर येतील का?

ताई, आधी मधल्या प्रश्नाचं उत्तर, कारण ते थांबू शकत नाही. काढा देऊ नका. उकळून नाही, भाजून नाही, चिमूटभर पूड मधातूनही नाही. ही बी कच्ची विषारी आहे आणि घरच्या पातेल्यात उकळल्यानं ती बिनधोक होत नाही. उलट्या, जुलाब, पोटात मुरडा हे ठरलेलं. जास्त पोटात गेली तर अशक्तपणा, तोल जाणं इथपर्यंत जातं. मुलानं एखादी चावून पाहिली नाही ना, हे आजच विचारा.

आता बाकीचं निवांत. मी अंबाजोगाईला अठ्ठावीस वर्षं वनस्पतिशास्त्र शिकवलं. पोरांना घेऊन हिमाचल आणि कुमाऊंच्या सहली सहा-सात वेळा झाल्या. हे झाड मी तिथे उभं पाहिलंय, त्याच्या फांद्या दाबून कागदावर चिकटवल्यात, आणि तुम्ही करू पाहताय तो लावायचा उद्योगही करून बसलोय.

तुमचे प्रश्न तीन दिसतात, पण गाठ एकच आहे. ‘चेस्टनट’ या एका शब्दाखाली तुमच्याकडे निदान चार वेगळी झाडं गोळा झाली आहेत. एक, थंडीत भाजून खातात ते गोड चेस्टनट. दुसरं, युरोपातलं हॉर्स चेस्टनट, ज्याच्या बियांच्या अर्कावर शिरांच्या औषधाचा अभ्यास झालाय. तिसरं, हिमालयातला त्याचा सख्खा भाऊ, ज्याच्या बिया तुमच्या मुलाच्या खिशात आल्या. आणि चौथं तुमच्या दारातलं, जे माझ्या अंदाजानं या तिघांपैकी कुणीच नाही. एकाचा गुण दुसऱ्याला चिकटवला की घोटाळा होतो, आणि इथे तो घोटाळा आईच्या पोटात जाणार होता.

बियांपासून सुरू करू, कारण त्यांच्याबद्दल मला फारशी शंका नाही. मनालीच्या बाजूला जंगलात, ओढ्याकाठच्या सावलीच्या नाळीत वाढतं ते हिमालयी हॉर्स चेस्टनट, शास्त्रीय नाव एस्क्युलस इंडिका. काश्मीरपासून नेपाळपर्यंत, साधारण ९०० ते ३००० मीटर उंचीच्या पट्ट्यात. हिमाचलात त्याला खनोर म्हणतात, हिंदी पुस्तकांत बनखोर, आणि गढवाल-कुमाऊंकडे पांगर. या शेवटच्या नावानं आमची एकदा चांगलीच मजा झाली. तिथला वाटाड्या ‘ये पांगर है’ म्हणाला आणि माझी अर्धी पोरं वहीत ‘पांगारा’ लिहून मोकळी झाली. आपला पांगारा कुठे आणि हे कुठे! आपला तो शेंगांच्या कुळातला, फांदीवर काटे, तीन-तीन पानं, उन्हाळ्याच्या तोंडाला लालभडक फुलं. मराठवाड्यात त्याच्या नावाची पांगरी आणि पांगरा नावाची गावं पावलोपावली आहेत. उद्या कुणी ‘पांगर’ची हिंदी माहिती वाचून परळीजवळच्या पांगरीत हॉर्स चेस्टनट शोधायला निघालं तर मला नवल वाटणार नाही.

बी हातात घ्या. गडद, पॉलिश केलेल्या शिसवी लाकडासारखी चमक, आणि एका बाजूला मोठा फिकट, मळकट पांढरा डाग. फळाच्या आत बी जिथे चिकटलेली असते तिथला हा नाळेचा वण. कुंपणावरची कपाळफोडी तुम्ही लहानपणी फोडली असेल. तिच्या काळ्या बीवर बदामाच्या आकाराचा पांढरा डाग असतो, तो आठवा. ही तुलना मी उगाच करत नाही. कपाळफोडी, रिठा, किनवटच्या जंगलातलं कोशिंब, लिची आणि हे हॉर्स चेस्टनट, सगळी एकाच कुळातली आहेत. काही जुन्या पुस्तकांत हॉर्स चेस्टनटचं वेगळं कुळ मांडलेलं दिसेल, आता ते रिठ्याच्याच घरात धरतात.

गोड चेस्टनटचं कुळ याहून पार वेगळं, ओकचं. त्याची बी एका बाजूनं चपटी असते आणि टोकाला निमुळती होऊन तिथे छोटा केसाळ शेंडा राहतो. हॉर्स चेस्टनट गोटीसारखं गोलसर, टोक नाही, शेंडा नाही. फळाचं टरफल सापडलं तर आणखी सोपं. गोड चेस्टनटचं टरफल साळिंदरासारखं, बारीक दाट काट्यांनी भरलेलं, हात लावू देत नाही. युरोपीय हॉर्स चेस्टनटच्या हिरव्या जाड टरफलावर आखूड काटे विरळ, दूर दूर. हिमालयी झाडाच्या फळावर काटे नसतातच, नुसती खरबरीत तपकिरी साल. मुलाला विचारा, बिया गोळा करताना बोटाला टोचलं होतं का.

अजून एक घरगुती तपासणी आहे, पण चव घेऊन नाही! एक बी फोडा, आतला पांढरा गर थोडा किसा, बाटलीत पाणी घालून जोरात हलवा. रिठ्यासारखा फेस येईल. रिठ्यातही आणि यातही सॅपोनिन नावाची द्रव्यं असतात, तीच फेस करतात. आजीनं रिठ्याचं पाणी केसाला लावलं, प्यायला नाही दिलं. इथेही तोच हिशेब. बाटली नंतर धुऊन ठेवू नका, टाकूनच द्या.

‘पण पहाडातली माणसं तर याचं पीठ खातात’ असं कुणीतरी म्हणेल. खातात, खरं आहे. बिया सोलतात, ठेचतात, वाहत्या पाण्यात कित्येक दिवस ठेवून कडू अंश धुऊन काढतात, मग वाळवून दळतात आणि गव्हाच्या पिठात मिसळतात. उपासालाही त्याचा शिरा करतात. ही पिढ्यांची शिकलेली रीत आहे, वाहता झरा दारात असलेल्या लोकांची. आपल्याकडे नळाला आठवड्यातून एकदा पाणी. तो प्रयोग करू नका.

आता दारातलं झाड. तुम्ही पाठवलेल्या फोटोत एकच तोडलेलं पान आहे, हातावर ठेवलेलं. त्यावरून मी शपथेवर काही सांगू शकत नाही, आणि अ‍ॅपनंही सांगायला नको होतं. पंजासारखं पान ही ओळख फार ढोबळ आहे. लातूरमध्ये एका चकरेत मी तुम्हाला अशा पानाची पाच-सहा झाडं दाखवीन.

म्हणून पोरांना मी पहिल्यांदा पानाची बोटं मोजूच देत नसे. आधी पान फांदीवर कसं बसलंय ते बघायचं. फांदीच्या एकाच पेरावर दोन पानं समोरासमोर आहेत, की एक इकडे, एक वर तिकडे? हॉर्स चेस्टनटची पानं समोरासमोर. एवढ्या एका प्रश्नावर काटेसावर बाद होते, कारण तिची पानं एकाआड एक, शिवाय खोडावर काटे. गोरखचिंच बाद. जंगली बदाम बाद, ज्याची सात-नऊ बोटांची पानं फांदीच्या टोकाला झुबक्यानं येतात आणि फुलांचा वास नाकाला रुमाल लावायला लावतो. सप्तपर्णीही बाद: तिला पंजासारखं पान नाहीच, साध्या पानांचं कडं एका पेराभोवती बसतं, आणि पान तोडलं की पांढरा चीक येतो. काश्मीरहून आलेले लोक चिनारही यात ओढतात. त्याचं पान एकसंध, नुसतं खोल कातरलेलं, एरंडाच्या पानाची आठवण करून देणारं.

पाच-सात बोटं मिळून एक पान आहे की पाच-सात पानं जवळजवळ आलीत, हे कसं ठरवायचं? देठ जिथे फांदीला मिळतो त्या बगलेत बघा. तिथे छोटी कळी असते. प्रत्येक बोटाच्या बुडाशी मात्र कळी नसते. कळी जिथे, पान तिथून सुरू. हे शिकवायला मी कधीही महागडी उदाहरणं घेतली नाहीत. बांधावरची निर्गुडी पुरते. तिची पानं समोरासमोर, तीन किंवा पाच बोटांची, बगलेत कळी स्पष्ट.

आणि तुमच्या झाडाबद्दल माझा संशय इथेच येतो. आपल्या शहरांत, नव्या वसाहतींत, रस्त्याच्या कडेला गेल्या काही वर्षांत खूप लावलेलं एक झाड समोरासमोर पानांचं आणि पाच बोटांचंच आहे: गुलाबी टॅबेबुया. मूळचं मध्य आणि दक्षिण अमेरिकेच्या बाजूचं. उन्हाळा लागता लागता पानं गाळून फिक्या गुलाबी कर्ण्यांनी भरतं. एकटं पान बघितलं तर अ‍ॅप काय, मीही क्षणभर थबकेन. फरक कडेला आहे. टॅबेबुयाच्या प्रत्येक बोटाची कड गुळगुळीत. हॉर्स चेस्टनटच्या, दोन्ही प्रकारच्या, कडेला करवतीसारखे दाते. नखानं कड चाचपा, डोळ्यांपेक्षा लवकर कळतं. युरोपीय झाडात बोटं देठाच्या टोकाला थेट चिकटलेली असतात आणि मधल्यापेक्षा वरच्या भागात रुंद होतात. हिमालयी झाडात आणि टॅबेबुयात प्रत्येक बोटाला स्वतःचा छोटा देठ असतो. त्यामुळे तुम्ही पाहिलेल्या मनालीच्या झाडाशी तुलना करताना देठावर जाऊ नका, कडेवर जा. आणि फळ दिसलं तर प्रश्नच मिटला: टॅबेबुयाला वीत-दीड वीत लांब बारीक शेंग, आत पातळ पंखांच्या बिया. गोटीसारखी बी त्यातून जन्मात निघणार नाही.

खरं हॉर्स चेस्टनट उघडं पडतं ते दोन वेळा. एकदा फुलावर: फांदीच्या टोकाला सरळ उभे, वीतभर किंवा त्याहून मोठे पांढरे तुरे, झाडावर समया लावल्यासारखे. युरोपीय झाडाच्या फुलात पाकळीवर पिवळा ठिपका असतो, तो फूल जुनं झालं की लाल होतो. मधमाशीला लाल रंग नीट दिसत नाही, त्यामुळे ती पिवळ्या ठिपक्याच्या, मध असलेल्या फुलाकडेच वळते. दुसऱ्यांदा पानगळीनंतर: पान गळून पडतं तिथे फांदीवर घोड्याच्या नालासारखा वण राहतो, आणि त्यात खिळ्यांसारखे ठिपकेसुद्धा. नावातल्या ‘हॉर्स’चं एक कारण लोक हे सांगतात. दुसरं असं की तुर्क लोक खोकणाऱ्या घोड्यांना ही बी देत. नाव कुठूनही येवो, कच्ची बी घोड्यालाही बाधते, हे टांगेवाल्यांच्या गावातल्या माणसानं सांगून ठेवलेलं बरं.

थोडं विषयांतर करतो, कारण तुमच्या घोटाळ्याला मोठी परंपरा आहे. हे झाड १५७६ च्या सुमारास इस्तंबूलमार्गे व्हिएन्नात पोचलं; क्लुसियस या वनस्पतिशास्त्रज्ञाकडे त्याच्या बिया आल्या होत्या. बिया पूर्वेकडून आल्या म्हणून युरोपातले विद्वान कितीतरी काळ समजत होते की झाड आशियातलं, हिंदुस्थानच्या बाजूचं. त्याचं खरं रानटी घर त्यांच्याच कुशीत, ग्रीस-अल्बानियाच्या बाल्कन डोंगरांत निघालं, आणि ते पक्कं व्हायला एकोणिसावं शतक उजाडलं. बी कुठून हातात आली यावरून झाड ठरवण्याची चूक त्यांनीही केली होती.

आईच्या पायांकडे येऊ. युरोपीय हॉर्स चेस्टनटच्या बियांत एस्किन नावाचं द्रव्य असतं. शिरांतल्या झडपा ढिल्या पडून रक्त पायात साचतं, सूज येते, पाय ठणकतात, अशा दुखण्यात या बियांच्या अर्कानं थोड्या काळापुरता आराम पडतो असं चाचण्यांत दिसलंय. म्हणजे तुम्ही वाचलं ते खोटं नव्हतं. पण त्या चाचण्यांतला अर्क कारखान्यात विषारी भाग काढून, एस्किनचं प्रमाण मोजून केलेला असतो. तुमच्या बिया दुसऱ्या जातीच्या, प्रमाण अज्ञात, विष जागच्या जागी. होमिओपॅथीच्या दुकानात मूळव्याधीसाठी ‘एस्क्युलस’ची बाटली मिळते, ती याच युरोपीय झाडाच्या नावाची, तिच्यावरूनही घरच्या काढ्याचा अंदाज बांधू नका.

शिरांचं दुखणं सगळ्यांचं सारखं नसतं. कुणाला नुसतं उभं राहून सूज येते, कुणाच्या घोट्याजवळ कातडी काळी पडून जखम व्हायला लागलेली असते. एकच पाय अचानक सुजला, गरम लागला, पोटरी दुखली तर तो गुठळीचा प्रकार असू शकतो, त्याला त्याच दिवशी दवाखाना. आई रक्त पातळ करायच्या गोळ्या घेत असतील, मूत्रपिंडाचा किंवा साखरेचा त्रास असेल, तर दुकानातला तयार अर्कसुद्धा डॉक्टरांना विचारल्याशिवाय नको. मी झाडांचा माणूस आहे. एवढं मात्र घरच्या अनुभवानं सांगतो की डॉक्टरांनी मापानं दिलेले घट्ट मोजे सकाळी अंथरुणातून उठायच्या आधी चढवले तर काम करतात, दुपारी सूज आल्यावर चढवले तर नुसती झटापट होते.

राहिलं लावायचं. या बिया ज्वारीसारख्या वाळवून कणगीत ठेवायच्या जातीच्या नाहीत. वाळल्या की मेल्या. दिवाळीपासून डब्यात पडलेल्या असतील तर पाण्यात टाकून बघा. तरंगल्या त्यांची आशा सोडा. बुडालेल्या ओल्या वाळूत, सावलीत ठेवता येतील. युरोपीय बियांना उगवायच्या आधी तीन-चार महिन्यांची ओलसर थंडी लागते. आपल्याला येळवशीला वावरात शाल गुंडाळून बसावं लागतं ती चार दिवसांची थंडी त्यांच्या खिजगणतीत नाही. हिमालयी बी ताजी असेल तर त्या मानानं लवकर उगवते.

मी कुमाऊंहून बारा बिया ओल्या शेवाळात गुंडाळून आणल्या होत्या. आठवड्याच्या आत वाळूत लावल्या, पाच उगवल्या. काय उगवल्या हो! जाड लालसर कोंब, आणि पहिलंच पान पंजासारखं. कॉलेजात सगळ्यांना बोलावून दाखवत होतो. मार्च सरता सरता पानांच्या कडा तपकिरी व्हायला लागल्या. एप्रिलात वाळ्याचा पडदा लावला, दोन वेळा पाणी दिलं. मोठं, पातळ पान आणि चाळीसच्या पुढचा कोरडा वारा; पाणी मुळाशी घालाल, पानातून उडतं त्याला काय करणार? पहिल्या उन्हाळ्यात तीन गेली, दुसऱ्या वर्षी जूनमध्ये, पाऊस आठ दिवसांवर असताना, उरलेली दोन. काळ्या मातीत एकदा पावसात पाणी साचून मुळं कुजल्याचाही संशय मला आहे, म्हणजे दोष सगळा उन्हाला देता येणार नाही. म्हैसमाळला हजार मीटरची उंची आहे, तिथे जमेल का, असं एका विद्यार्थ्यानं विचारलं होतं. उंची खालच्या टोकाला जेमतेम लागू पडते, पण हिमालयाचा हिवाळा म्हैसमाळला कुठून आणायचा?

वावराच्या बांधावर याच घराण्यातलं काही हवं असेल तर रिठा लावा. हळू वाढतो, पण आपल्या उन्हाला भीत नाही, आणि बीवरून ओळखायची सवय लेकराला तिथेच लागेल.

दारातल्या झाडाचा शेवटचा निकाल मी अजून दिलेला नाही, टॅबेबुया हा अंदाजच आहे. पान तोडू नका. फांदीच्या टोकाचा फोटो काढा, ज्यात दोन पानं एकाच पेरावर भेटतात ती जागा दिसेल. एका बोटाची कड जवळून. आणि खाली किंवा वर एखादी वाळकी शेंग लोंबत असेल तर ती. पानगळीपर्यंत थांबलात तर वणाचा फोटोही टाका. मनालीच्या बिया मात्र मुलाच्या कंपासपेटीतून काढून वर कपाटात ठेवा. माझ्याही टेबलावर एक आहे, चमक कधीच गेली, सुरकुतून सुपारीएवढी झाली, पण पांढरा डाग अजून दिसतो.